बातमीचे पैसे कोण मोजतं?

ऑक्टोबर २००९. महाराष्ट्रात विधानसभेची निवडणूक होती. मतदानाच्या तोंडावर मराठीतल्या तीन बड्या दैनिकांत मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांच्या तडफदार नेतृत्वाची वाखाणणी करणारा मजकूर छापून आला. तिन्ही दैनिकांचे मालक वेगळे, खपासाठी तिघांची एकमेकांशी चढाओढ, आणि मजकूर मात्र अक्षरशः तोच. ‘जाहिरात’ हा शब्द कुठे बारीक टायपातही नव्हता. त्याच सुमारास ‘अशोकपर्व’ या नावाखाली पानंच्या पानं निघत होती. पत्रकार पी. साईनाथ यांनी ही कात्रणं जमवून ‘द हिंदू’त प्रश्न विचारला, की ही बातमी असेल तर तीन कट्टर स्पर्धकांना ती एकाच वेळी, एकाच शब्दांत कशी सुचली?

चव्हाण यांनी निवडणूक आयोगाकडे दिलेला खर्चाचा हिशेब तर वाचण्यासारखाच होता. वर्तमानपत्रांतल्या जाहिराती : ५,३७९ रुपये. केबलवरच्या जाहिराती : ६,००० रुपये. खर्चाची मर्यादा तेव्हा १० लाख होती आणि त्यांचा एकूण खर्च ७ लाखांच्याही आत बसला होता. आपण कुणाला पैसे दिलेले नाहीत, असं चव्हाण यांचं म्हणणं. दैनिकांनीही पैसे घेतल्याचं मान्य केलं नाही. भोकर मतदारसंघात हरलेले उमेदवार माधवराव किन्हाळकर तक्रार घेऊन आयोगाकडे गेले. आयोगाला हिशेबाच्या खरेपणात शिरण्याचा अधिकार आहे की फक्त तो वेळेत, ठरल्या नमुन्यात आला की नाही एवढंच पाहायचं, यावर पाच वर्षं खल झाला. मे २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, अधिकार आहे. जुलैमध्ये आयोगाने हिशेब योग्य रीतीने दिला नसल्याचा निष्कर्ष काढून नोटीस दिली. सप्टेंबरमध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने ती नोटीस रद्द केली. मामला आटोपला.

या पाच वर्षांत एका गोष्टीची चौकशी कोणत्याच पायरीवर झाली नाही : वाचकाची फसवणूक झाली का? कायद्यात तो प्रश्नच नव्हता. कायदा उमेदवाराच्या खर्चाचा होता. वाचक त्यात पक्षकार नाही, साक्षीदारही नाही. ‘पेड न्यूज’चा सगळा गदारोळ इथे येऊन थांबतो आणि माध्यमं व पैसेवाले यांच्या संबंधांचा आढावा घ्यायचा तर तो इथूनच सुरू करावा लागतो.

पेड न्यूज २००९ साली जन्मली असं कुणी समजू नये. त्या वर्षी तिचं दरपत्रक झालं, इतकंच. उमेदवाराची ओळख, मुलाखत, सभेचं वृत्त असं मिळून काही लाखांचं ‘पॅकेज’. न घेणाऱ्याची सभा कितीही मोठी झाली तरी पानावर शून्य. आधी बातमीदार पाकीट घेई, तो त्याचा वैयक्तिक भ्रष्टाचार होता आणि संपादकाला कळला तर नोकरी जाण्याची भीती होती. आता पाकीट थेट जाहिरात विभागाच्या टेबलावर आलं. आंध्र प्रदेशातल्या श्रमिक पत्रकारांच्या संघटनेने त्याच वर्षी पश्चिम गोदावरी जिल्ह्यात स्वतःहून पाहणी करून हा व्यवहार उघडा पाडला होता. हिंदीतले ज्येष्ठ संपादक प्रभाष जोशी याविरुद्ध शेवटपर्यंत दौरे करत राहिले. नोव्हेंबर २००९ मध्ये त्यांचं निधन झालं. सगळी माध्यमं विकली गेली असं उठता-बसता म्हणणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं, की या प्रकरणात चोर पकडणारेही पत्रकारच होते.

प्रेस कौन्सिलने परंजॉय गुहा ठाकुर्ता आणि के. श्रीनिवास रेड्डी यांची उपसमिती नेमली. त्यांनी ७१ पानांचा अहवाल दिला, नावागावांसकट. कौन्सिलवर मालकांचे प्रतिनिधीही असतात. जुलै २०१० मध्ये कौन्सिलने आटोपशीर, नावं गाळलेला अहवाल स्वीकारला आणि मूळ अहवाल बाजूला सारला. माहितीच्या अधिकारात लढत लढत २०११ साली केंद्रीय माहिती आयोगाचा आदेश आला, तेव्हा कुठे तो अधिकृतपणे लोकांसमोर आला. दुसऱ्यांच्या फायली उघडा म्हणून रोज अग्रलेख लिहिणाऱ्या धंद्याची स्वतःची फाईल उघडायला माहिती आयोग लागला.

उत्तर प्रदेशातल्या बिसौलीच्या आमदार उमलेश यादव यांना पेड न्यूजचा खर्च हिशेबात न दाखवल्यामुळे ऑक्टोबर २०११ मध्ये तीन वर्षांसाठी अपात्र ठरवलं गेलं. पेड न्यूजपायी आमदारकी गेलेलं ते पहिलं उदाहरण. मध्य प्रदेशातल्या नरोत्तम मिश्रांवरची अशीच कारवाई उच्च न्यायालयात टिकली नाही. आता प्रत्येक जिल्ह्यात निवडणुकीच्या काळात माध्यम प्रमाणन व संनियंत्रण समिती बसते. ती संशयित बातमी शोधते, उमेदवाराला नोटीस जाते, आणि पैसे घेतले हे सिद्ध करण्याच्या भानगडीत न पडता त्या जागेचा खर्च सरकारी जाहिरात-दराने उमेदवाराच्या खात्यात धरला जातो. वर्तमानपत्राचं काय? त्याचं नाव प्रेस कौन्सिलला कळवलं जातं. कौन्सिल फार तर ताशेरे ओढू शकतं. दंड करण्याचा अधिकार त्याला नाही. देणाऱ्याला थोडीफार तोशीस, घेणाऱ्याला काहीच नाही. विधी आयोगाने २०१५ साली २५५व्या अहवालात पेड न्यूज हा निवडणूक गुन्हा करा, अशी शिफारस केली. ती शिफारसच राहिली.

निवडणूक पाच वर्षांनी येते. धंदा रोज चालतो. म्हणून खरा प्रश्न निवडणुकीच्या अलीकडे आहे आणि त्याचं मूळ अंकाच्या किमतीत आहे. हातात पडणाऱ्या अंकाचा कागद, शाई, छपाई, वाहतूक आणि विक्रेत्याचं कमिशन यांची बेरीज केली तर ती छापील किमतीच्या कितीतरी पुढे जाते. ही तूट जाहिरातदार भरतो. ज्याच्याकडे जाहिरात जास्त, तो त्याच किमतीत जास्त पानं देतो. पानं जास्त म्हणून खप जास्त. खप जास्त म्हणून आणखी जाहिरात. छोटं पत्र या चक्रात आपोआप चिरडलं जातं.

हे निदान नवीन नाही. न्या. जी. एस. राजाध्यक्ष यांच्या अध्यक्षतेखालच्या पहिल्या वृत्तपत्र आयोगाने १९५४ सालच्या अहवालात ते स्वच्छ मांडलं होतं आणि उपायही सुचवला होता : अंकाची किंमत पानांच्या संख्येशी बांधून टाका. पानं वाढवायची तर किंमत वाढवा. त्यानुसार १९५६ साली कायदा झाला आणि १९६० साली किंमत-पृष्ठ आदेश निघाला. त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलं पुण्याचं ‘सकाळ’. डॉ. ना. भि. परुळेकरांनी १९३२ साली काढलेलं हे पत्र तेव्हा काही जूट गिरणीवाल्याचं नव्हतं. खप सुमारे ५२,०००. किंमत ७ नवे पैसे, आणि आठवड्याच्या सहा दिवसांत मिळून ३४ पानं. नव्या आदेशाप्रमाणे तेवढ्या किमतीत २४ पानंच देता आली असती. म्हणजे दहा पानं कापा, नाहीतर भाव वाढवून वाचक गमवा.

२५ सप्टेंबर १९६१ रोजी घटनापीठाने ‘सकाळ’च्या बाजूने निकाल दिला, तो लिहिला न्या. मुधोळकरांनी. एकाचा खप कमी करून दुसऱ्याला जगवण्याचा अधिकार सरकारला नाही, असा त्याचा मथितार्थ. वृत्तपत्रस्वातंत्र्याच्या कुठल्याही पाठ्यपुस्तकात हा खटला मानाने बसलेला असतो, आणि तो मान त्याला शोभतो. सरकारच्या हाती पानांची कात्री देणं धोक्याचंच होतं. पुढे १९७५ साली सरकारने काय केलं ते आपण पाहिलंच. परंतु या निकालाने कात्री काढून घेतली आणि राजाध्यक्षांनी दाखवलेला रोग तसाच ठेवला. त्यावर दुसरा इलाज कुणी शोधला नाही.

१९७२ साली कागदाच्या कोट्यावरून ‘टाइम्स ऑफ इंडिया’ काढणाऱ्या ‘बेनेट कोलमन’ कंपनीचा खटला झाला. दहा पानांच्या मर्यादेविरुद्ध कंपनी चार विरुद्ध एक अशी जिंकली. विरोधात गेलेले एकटे न्या. के. के. मॅथ्यू. वृत्तपत्रस्वातंत्र्यात वाचकाला वेगवेगळ्या बाजू ऐकायला मिळण्याचा हक्कही येतो आणि मूठभरांच्या हाती माध्यमं गेली तर तो मारला जातो, असा त्यांचा रोख होता. योगायोग असा, की हेच मॅथ्यू पुढे दुसऱ्या वृत्तपत्र आयोगाचे अध्यक्ष झाले आणि १९८२ सालच्या अहवालात वृत्तपत्रं इतर उद्योगधंद्यांपासून वेगळी करा, अशी शिफारस आली. तीही बासनात गेली.

माझं मत असं, की आपल्याकडे वृत्तपत्रस्वातंत्र्याची सगळी लढाई सरकारविरुद्ध लढली गेली. टिळकांपासून आणीबाणीपर्यंतचा इतिहास पाहता ते स्वाभाविकच होतं. पण त्या नादात मालकापासून आणि जाहिरातदारापासून स्वातंत्र्य हा मुद्दा आपल्या कायद्यात आणि आपल्या बोलण्यातही कधी नीट आलाच नाही. मालकीवर बोट ठेवलं की मालक सरकारी हस्तक्षेपाचा बागुलबुवा उभा करतो, आणि सरकारची कीर्ती अशी, की लोकांना तो खरा वाटतो.

नव्वदच्या दशकात तर ही शर्यत उघड झाली. १९९४ साली ‘टाइम्स’ने दिल्लीत किंमत उतरवून भावयुद्ध छेडलं. किंमत-पृष्ठ कायद्याने जे टाळायचं होतं, ते बाजाराने करून दाखवलं. २००३ साली त्याच समूहाने ‘मीडियानेट’ काढलं : पुरवण्यांत झळकायचं तर दर मोजा. पुढे ‘प्रायव्हेट ट्रीटी’ आली. तीत कंपनी जाहिरातीचे पैसे रोख न देता आपले शेअर देते, आणि वर्तमानपत्र तिचं भागीदार होतं. आता त्या कंपनीचा ताळेबंद कच्चा असल्याची बातमी बातमीदाराने आणली तर ती छापून नुकसान कुणाचं? सेबीने २००९ साली यावर प्रेस कौन्सिलला लिहिलं आणि असे हितसंबंध जाहीर करावेत असं पुढच्या वर्षी ठरलंही. समूहाचे व्यवस्थापकीय संचालक विनीत जैन यांनी २०१२ मध्ये ‘न्यूयॉर्कर’ला सरळच सांगितलं होतं, की आमचा धंदा वर्तमानपत्राचा नसून जाहिरातीचा आहे. निदान हा माणूस प्रामाणिक बोलला, असं मला वाटतं. बाकीचे तोच धंदा करतात आणि लोकशिक्षणाचं बोलतात.

ही रीत एखाद्या गावाच्या वाट्याला कशी येते, ते यवतमाळ जिल्ह्यात पाहायला मिळालं. ऑक्टोबर २००८ च्या अखेरीस ‘टाइम्स ऑफ इंडिया’च्या नागपूर आवृत्तीत बीटी कापसावर पानभर वृत्तान्त आला. भांबराजा आणि अंतरगाव या दोन गावांत बीटीने सोनं पिकवलं, तिथे आत्महत्या नाहीत, असा त्याचा सूर. विदर्भात तेव्हा आत्महत्यांचे आकडे रोज छापून येत होते, त्यामुळे अशा गावांची गोष्ट कुणालाही हवीहवीशी वाटावी. २८ ऑगस्ट २०११ रोजी तोच मजकूर पुन्हा आला, या वेळी बियाणं कंपनी महिको-मोन्सॅन्टो बायोटेकच्या जाहिरातीच्या रूपात, आणि जैवतंत्रज्ञान नियामक प्राधिकरणाचं विधेयक संसदेच्या त्या अधिवेशनात मांडायचं राहून गेल्यानंतर लगेच. तीन वर्षांपूर्वीची बातमी जशीच्या तशी जाहिरात म्हणून खपू शकते, याचा अर्थ वाचकाने नीट लावावा. बातमीत जाहिरातदाराला खटकेल असं एकही वाक्य नव्हतं.

मार्च २०१२ मध्ये संसदेची कृषीविषयक स्थायी समिती बासुदेव आचार्य यांच्या अध्यक्षतेखाली विदर्भात आली. भांबराजात गावकऱ्यांनी खासदारांना सांगितलं, की आमच्या गावात चौदा आत्महत्या झाल्या आहेत, आणि बहुतेक बीटी आल्यानंतरच्या. बीटी कपाशी आत्महत्यांना किती जबाबदार, हा शेतीतज्ज्ञांचा वाद आहे आणि तो आजही मिटलेला नाही; भाव, पाऊस, कर्ज, सगळंच त्यात येतं. मला इथे त्या वादात शिरायचं नाही. प्रश्न एवढाच, की यवतमाळपासून जेमतेम काही कोसांवरच्या गावातली माणसं मेली की जगली, हेसुद्धा देशातल्या सगळ्यांत खपाच्या इंग्रजी दैनिकाच्या पानावरून कळत नव्हतं. ते कळायला दिल्लीहून समिती यावी लागली, आणि समितीचं ऐकून ‘द हिंदू’त लिहिणारा एक पत्रकार लागला.

गोव्यात यासाठी पुरवणीचीही गरज नव्हती, कारण खाणवाले स्वतःच छापखान्याचे धनी होते. मुक्तीनंतर लगेच, १९६२ साली चौगुल्यांनी ‘गोमन्तक’ काढला, १९६३ साली धेंप्यांनी ‘नवहिंद टाइम्स’ आणि १९७० साली ‘नवप्रभा’. कोकणीतलं ‘सुनापरान्त’ साळगावकरांचं. या पत्रांनी गोव्यात मराठी-कोकणी लिहिणाऱ्यांच्या दोन पिढ्या घडवल्या. बा. द. सातोस्कर, माधव गडकरी यांच्यासारखे संपादक ‘गोमन्तक’ला लाभले, हे नाकारण्यात काही अर्थ नाही. पण लाल मातीने ओहोळ भरले, शेतं गेली, सत्तरी-सांगे-डिचोलीतल्या गावांचे रस्ते ट्रकांनी उखडले, यावर सलग, चिवट लिखाण या घरांतून यावं अशी अपेक्षा कोण करणार? पुढे मालकीचे पट बदलले : ‘गोमन्तक’ सकाळ समूहाकडे गेला, धेंप्यांनी २००९ साली खाणी सेसा गोवाला विकल्या. २०१२ साली न्या. शहा आयोगाचा अहवाल आला आणि त्याने बेकायदा खाणकामामुळे झालेलं नुकसान ३५,००० कोटींच्या घरात धरलं. सरकारने खाणी बंद केल्या, पाठोपाठ सर्वोच्च न्यायालयाचीही बंदी आली. आकड्यावर वाद होऊ शकतो आणि झालाही. पण इतका मोठा उपसा इतकी वर्षं डोळ्यांदेखत चालला होता आणि त्याचा हिशेब मांडण्याचं काम वर्तमानपत्रांऐवजी न्यायाधीशाच्या आयोगाला करावं लागलं. गोव्यातल्या कुठल्याही संपादकाने कधी फोन करून बातमी अडवली असेल-नसेल. अडवण्याची पाळीच बहुधा आली नसेल. काय आणायचं नाही, हे बातमीदाराला नोकरीच्या पहिल्या महिन्यात कळतं.

महाराष्ट्रातला तालुक्याचा वार्ताहर हे याहून साधं गणित जगतो. त्याचं मानधन नाममात्र. खरी मिळकत जाहिरातीच्या कमिशनवर. आणि तालुक्यात जाहिरात देणार कोण? साखर कारखाना, नागरी पतसंस्था, शिक्षणसम्राट, बिल्डर, नगराध्यक्ष. आमदारसाहेबांचा वाढदिवस म्हणजे वार्षिक सुगी : पहिल्या पानावर हात जोडलेले साहेब, आत ‘शुभेच्छुक’ म्हणून पन्नास चेहरे. वर्धापनदिनाच्या विशेषांकाला वरून ‘टार्गेट’ येतं. गेल्या महिन्यात ज्याच्याकडून अर्धं पान आणलं, त्या कारखान्याने ऊसउत्पादकांची एफआरपी थकवली, ही बातमी त्याच माणसाने आज पाठवायची असते. तो ती पाठवतोही कधीकधी. ती आतल्या पानावर, चार ओळींत, कारखान्याच्या खुलाशासह येते. चोम्स्की आणि हर्मन यांनी १९८८ साली अमेरिकी माध्यमांवर लिहिताना मालकी, जाहिरात, बातमीचे स्रोत अशा गाळण्या मोजल्या होत्या. आपल्या तालुक्यात या सगळ्या गाळण्या एकाच माणसाच्या शबनम पिशवीत असतात.

वर मोठ्या पटावर मालकीच हलली. मे २०१४ मध्ये रिलायन्सने आपल्या ट्रस्टमार्फत ‘नेटवर्क १८’ ताब्यात घेण्याचं जाहीर केलं. त्यात सीएनएन-आयबीएन होतं, तसाच लोकमत समूहाबरोबरच्या भागीदारीतला ‘आयबीएन लोकमत’ही होता. जुलैपर्यंत राजदीप सरदेसाई आणि निखिल वागळे दोघेही बाहेर पडले होते. ‘एनडीटीव्ही’ची गोष्ट आणखी शिकवणारी आहे. संस्थापक प्रणय आणि राधिका रॉय यांच्या आरआरपीआर या कंपनीने २००९-१० मध्ये व्हीसीपीएल नावाच्या, फारशी कुणाला माहीत नसलेल्या कंपनीकडून ४०३.८५ कोटींचं बिनव्याजी कर्ज घेतलं. बदल्यात दिले वॉरंट : सावकाराने मनात आणलं तर आरआरपीआरची जवळपास सगळी मालकी त्याची. कर्जाचा पैसा रिलायन्सशी संबंधित कंपन्यांतून फिरत आला होता. वाहिनी तेरा वर्षं स्वतंत्र बाण्याची म्हणून ओळखली जात होती आणि तिच्या पडद्यामागे ही चिठ्ठी पडून होती. ऑगस्ट २०२२ मध्ये अदानी समूहाने सुमारे ११४ कोटींत व्हीसीपीएलच विकत घेतली, वॉरंट वापरले आणि २९.१८ टक्के हिस्सा हाती आला. डिसेंबरअखेर हिस्सा ६४ टक्क्यांच्या वर गेला. रवीश कुमार तत्पूर्वीच राजीनामा देऊन यूट्यूबवर गेले होते. १ मे २०२४ रोजी, महाराष्ट्रदिनी, त्याच समूहाची मराठी वाहिनी सुरू झाली.

यात बेकायदा काय होतं, असं कुणी विचारील. अदानींनी केलेली खरेदी नियामकांच्या देखत, खुल्या देकारासह पार पडली. नेमकी तीच तर अडचण आहे. बंदरं, विमानतळ, वीज, सिमेंट आणि धारावीचा पुनर्विकास ज्याच्या हाती, त्याच्या हाती वृत्तवाहिनी असू नये, असं सांगणारा कायदाच आपल्याकडे नाही. धारावीच्या भाडेकरूंची सभा ती वाहिनी दाखवते की नाही, किती मिनिटं दाखवते, कोणाचा बाइट आधी घेते, हे सगळं संपादकीय स्वातंत्र्यात मोडतं.

वाहिन्यांच्या बाबतीत आणखी एक गंमत आहे : तिथे प्रेक्षक मोजण्याचं मापच हाताळता येतं. देशात वीस कोटींच्या आसपास टीव्ही असलेली घरं, आणि २०२० साली प्रेक्षक मोजणाऱ्या ‘बार्क’ची मापयंत्रं होती जेमतेम ४४,००० घरांत. मुंबईत काही घरांना महिन्याला चार-पाचशे रुपये देऊन ठरावीक वाहिनी लावून ठेवायला सांगितलं जात होतं, असा आरोप मुंबई पोलिसांनी ऑक्टोबर २०२० मध्ये केला. ‘रिपब्लिक’बरोबर दोन मराठी वाहिन्यांची नावंही त्यात आली. वृत्तवाहिन्यांचं मोजमाप सतरा महिने बंद राहिलं. राज्यात सत्ता बदलली आणि मार्च २०२४ मध्ये सरकारने खटला मागे घेतला. आरोप खरे होते की पोलीसच राजकीय हिशेब चुकते करत होते, याचा निवाडा त्यामुळे झालाच नाही. जाहिरातीचे हजारो कोटी ज्या आकड्यावर वाटले जातात, त्याची ही कथा.

मोबाइलवर आलेली पत्रकारिता या कचाट्यातून सुटली, असं काही काळ वाटलं होतं. थोडी सुटलीही, साईनाथांनी २०१४ साली काढलेलं ‘पारी’ मराठीतही वाचता येतं आणि त्यात जाहिराती नाहीत. पण तिथे दोन नवे धनी बसले आहेत, गूगल आणि मेटा, आणि तिसरी गोष्ट म्हणजे वकिलाची नोटीस. मुंबईतून निघणाऱ्या ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’ने जून २०१७ मध्ये अदानी पॉवरला मिळू शकणाऱ्या ५०० कोटींच्या सवलतीवर लेख छापला. कंपनीच्या वकिलांची नोटीस आली. विश्वस्तांनी लेख उतरवायला सांगितलं आणि संपादकाने राजीनामा दिला. संपादक होते परंजॉय गुहा ठाकुर्ता, तेच, ज्यांचा ७१ पानी अहवाल प्रेस कौन्सिलने दडवला होता. अर्ध्या शतकाची परंपरा असलेल्या नियतकालिकाची ही गत, तर जिल्ह्याच्या गावी तीन जणांत चालणारं पोर्टल दूरच्या कोर्टाच्या तारखा कुठून झेपवणार?

उपाय सांगून झालेले आहेत, वाटल्यास कपाटातून काढून धूळ झटकावी. दूरसंचार नियामक ‘ट्राय’ने ऑगस्ट २०१४ मध्ये माध्यम-मालकीवर शिफारशी दिल्या : वर्तमानपत्र आणि वाहिनी एकाच बाजारात एकाच्या हाती किती असावी याला मर्यादा, मालकीची संपूर्ण माहिती जाहीर करणं, राजकीय पक्षांना बंदी, बड्या उद्योगांच्या प्रवेशावर निर्बंधांचा विचार, सरकारपासून स्वतंत्र असा नियामक. संसदेच्या माहिती-तंत्रज्ञानविषयक स्थायी समितीने त्याआधी, २०१३ साली, पेड न्यूजवर स्वतंत्र अहवाल दिला होता. सरकारं बदलली, शिफारशी जागच्या जागी राहिल्या. कारण उघड आहे : कुठल्याही पक्षाला मालकांशी वैर परवडत नाही, आणि महाराष्ट्रात तर अनेकदा पक्षाचे पुढारी आणि मालक एकाच घरात राहतात.

मला यातली मालकी जाहीर करण्याची अट सगळ्यांत आधी हवी आहे. मर्यादा घाला, म्हटलं की घटनेचा प्रश्न येतो, ‘सकाळ’ खटल्याचा दाखला दिला जातो, आणि तो वाद वर्षानुवर्षं चालेल. पण आजच्या अंकातल्या अमुक कंपनीच्या बातमीशी आमच्या मालकाचा आर्थिक संबंध आहे, एवढी ओळ बातमीखाली छापायला कुणाच्या स्वातंत्र्यावर गदा येते? तसंच ‘इम्पॅक्ट फीचर’ किंवा ‘मीडिया इनिशिएटिव्ह’ असल्या गुळमुळीत इंग्रजी शब्दांऐवजी, मजकुराच्याच आकाराच्या टायपात, ‘जाहिरात’ हे चार अक्षरांचं मराठी नाव छापावं. याला कायदासुद्धा लागत नाही. एका संपादकाने उद्यापासून केलं तरी चालेल.

तोवर वाचकाला स्वतः करता येण्याजोगं एक काम आहे. केंद्रीय कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावर शंभर रुपये भरले, की नोंदणीकृत कंपनीची दाखल कागदपत्रं पाहता येतात : संचालक कोण, भागधारक कोण, कर्ज कोणाचं. तुमच्या घरी येणाऱ्या दैनिकामागे आणि रात्री लावता त्या वाहिनीमागेही अशी एखादी कंपनी बहुधा असतेच. एकदा तिचं नाव शोधा, शंभर रुपये भरा आणि तिची कागदपत्रं वाचा.